अम्मीच्या निकाहचा पुरावा कुठून आणायचा? जमातचं पत्र चालतं का?

सावद्याचा_मुलगा:

अस्सलामु अलैकुम आणि सगळ्यांना नमस्कार. जरा मोठं लिहू राहिलो, कारण पाच महिन्यांपासून नुसत्या चकरा चालू आहेत आणि आता काय करावं सुचत नाही.

अब्बा यंदा होळीच्या आठ दिवस आधी गेले. सरकारी खात्यात शिपाई होते, 2011 ला रिटायर झाले. (खात्याचं नाव लिहीत नाही, उगीच कोणाला त्रास नको.) पेन्शन आता अम्मीच्या नावावर व्हायला पाहिजे, एवढीच गोष्ट आहे. मी मृत्यूचा दाखला, आधार, पासबुक, पीपीओ (पेन्शन मंजुरीचा आदेश) सगळं घेऊन गेलो. पीपीओवर अम्मीचं नाव आहे पण नावापुढे 'बेगम' लिहिलंय आणि आधारवर 'बी' आहे, आणि जन्मसालात चार वर्षांचा फरक. तर टेबलावरचे साहेब म्हणे ह्या त्याच बाई कशावरून, मॅरेज सर्टिफिकेट आणा. मी म्हटलं साहेब 1979 चं लग्न आहे, रावेर तालुक्यातल्या खेड्यातलं, तेव्हा कोण काढत होतं सर्टिफिकेट. मग म्हणे तुमच्या समाजाचा दाखला आणा, काझीचा नाहीतर जमातचा (म्हणजे मोहल्ल्यातल्या समाजाच्या कमिटीचा). आमच्या मोहल्ल्याच्या जमातचे सदर साहेब (अध्यक्ष) अब्बांच्या बरोबरीचे, त्यांनी त्याच दिवशी लेटरहेडवर लिहून दिलं की ह्या मयताच्या पत्नी आहेत, आम्ही ओळखतो, खाली सही शिक्का. ते घेऊन गेलो तर खुर्चीवर दुसरे साहेब, ते म्हणे हे खाजगी पत्र आहे, हे चालत नाही, परत घेऊन जा.

निकाहनामा होता. मामूंकडे पत्र्याच्या पेटीत होता, वाळवीने खाल्ला, वरचा एक कोपरा राहिला त्यावर काझी साहेबांचा अर्धा शिक्का दिसतो बस. निकाह पढवणारे काझी साहेब कधीच वारले. त्यांच्या नातवाकडे जुनी रजिस्टरं आहेत, त्याने बिचाऱ्याने दोन वेळा शोधलं, 1979 सालाचं काही सापडत नाही म्हणाला. अम्मीला तारीख माहीत नाही. ती एवढंच सांगते की मिरगाच्या चार-पाच दिवस आधी झाला, विहिरीला पाणी नव्हतं म्हणून वऱ्हाडासाठी बैलगाडीवर टाकी आणली होती, आणि रजबचा चांद नुकताच झाला होता.

ती इद्दतमध्ये होती (नवरा गेल्यावर बाईने घरातच राहायचा काळ), 4 महिने 10 दिवस, म्हणून तिला ऑफिसात नेता येत नव्हतं, तेव्हा साहेब म्हणायचे बाईंना आणा आणि मी समजावून दमलो. आता इद्दत संपली पण कागद नाही.

तीन गोष्टी विचारायच्या होत्या. जमातच्या पत्राला काही किंमत असते का नसते. नगरपालिकेत किंवा ग्रामपंचायतीत आता लग्नाची नोंद होईल का, कारण एक एजंट म्हणतो करून देतो, पैसे मागू राहिला. आणि कोर्टात जावंच लागेल का. घरात अब्बांची पेन्शन हीच कमाई होती, माझं गॅरेजवर रोजंदारीचं काम, चकरा मारल्या की त्या दिवसाची मजुरी जाते. कोणाला माहीत असेल तर कृपया सांगा.


चोपडा_रिटायर्ड_ग्रामसेवक:

भाऊ, आधी वडिलांबद्दल वाचून वाईट वाटलं. मी अठ्ठावीस वर्षं ग्रामसेवक होतो (आता त्या पदाला ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात), विवाह नोंदणीचं रजिस्टर माझ्याच कपाटात असायचं, म्हणून दुसऱ्या प्रश्नाचं सांगतो.

आपल्याकडे सध्या जो कायदा आहे तो 1998 चा, महाराष्ट्र विवाह मंडळांचे विनियमन आणि विवाह नोंदणी अधिनियम. हिंदू, मुसलमान, बौद्ध, सगळ्यांची नोंदणी त्याच्याखालीच होते, गावात ग्रामसेवकाकडे आणि शहरात पालिकेत. नमुना ड चा फॉर्म, नवरा बायको, तीन साक्षीदार, आणि लग्न लावणाऱ्याची म्हणजे तुमच्यात काझी साहेबांची सही. लग्नापासून 90 दिवसांत करायची, नंतर उशिराची फी भरून होते. वीस-वीस वर्षांनी सुद्धा जोडपी आलेली मी बघितली, पोराच्या व्हिसासाठी वगैरे. पण दोघं समोर पाहिजेत आणि दोघांची सही पाहिजे. एक जण हयात नाही म्हटल्यावर निबंधक सही कोणाची घेणार? त्यामुळे तुमच्या केसमध्ये आता नोंदणी होत नाही हे स्पष्ट सांगतो.

म्हणून त्या एजंटला एक रुपया देऊ नका. तो करून देतो म्हणजे काय करणार, मागची तारीख टाकून आणि वडिलांची खोटी सही करून. उद्या पेन्शन चालू झाली आणि कोणी तक्रार केली तर तुमच्या आईवर गुन्हा दाखल होईल, एजंटवर नाही. मी असं एक प्रकरण जवळून बघितलंय, म्हातारी बाई कोर्टाच्या पायऱ्या चढत होती.

दुसरं, पेन्शन केस तयार करताना नवरा बायकोचा एकत्र फोटो लावलेला असतो, जॉइंट फोटो. वडील 2011 ला रिटायर म्हणजे त्यांच्या फाइलमध्ये तो असलाच पाहिजे. तो मागा. तुमच्या आईचा चेहरा तोच आहे ना, मग ह्या त्याच बाई कशावरून ह्याचं उत्तर त्यांच्याच कपाटात आहे.


यावलची_आपा:

वालेकुम अस्सलाम भाई. अल्लाह तुमच्या अब्बांची मगफिरत करो.

मी उर्दू शाळेत शिकवते, आणि तुमची पोस्ट वाचून मला एकदम आमच्या सासूबाईंचं आठवलं म्हणून लिहितेय. तुम्ही लिहिलंय नातवाने 1979 चं शोधलं. जुन्या काझी लोकांची रजिस्टरं बहुतेक हिजरी सालाने (इस्लामी चांद्र कॅलेंडरने) असतात! कधी कधी इंग्रजी तारीख बाजूला असते, कधी नसतेच. आमच्या सासूबाईंच्या वेळेला आम्ही पण दीड महिना इंग्रजी सालाने पानं उलटत बसलो होतो.

तुमच्या अम्मीने तर तारीख सांगूनच ठेवली आहे, कोणी नीट ऐकली नाही एवढंच. रजबचा चांद नुकताच झालेला आणि मिरगाच्या चार-पाच दिवस आधी. 1979 ला रजब मे च्या शेवटी, 28 तारखेच्या आसपास लागला होता, आणि मिरग लागतो 7-8 जूनला. म्हणजे निकाह 2-3 जूनच्या आसपास, आणि हिजरी साल होतं 1399. नातवाला सांगा 1399 चं रजिस्टर काढ, रजब महिना, पहिले आठ-दहा दिवस. आणि आकडे उर्दूत असतील, ते आजच्या पोरांना वाचता येत नाहीत, उर्दूचा 4, 6 आणि 7 वेगळे दिसतात त्यात गोंधळ होतो. जमलं नाही तर पानाचा फोटो इथे टाकू नका, मला मेसेज करा, मी वाचून देते.

आणि सापडलं की नुसती झेरॉक्स घेऊ नका. काझी साहेबांकडून निकाहनाम्याची नक्कल लिहून घ्या, त्यावर रजिस्टरचा नंबर, पान, आणि त्यांची आजची सही शिक्का. मग तिचं मराठी भाषांतर करून नोटरी. ऑफिसात उर्दू कागद समोर ठेवला की ते हातच लावत नाहीत, भाषांतर वर आणि मूळ खाली असं पिन करा.


धुळे_कोर्टवाला:

वकिली करतो, दिवाणी बाजू. वरचे दोन्ही रिप्लाय चांगले आहेत. जमातच्या पत्राचं मी सांगतो.

आधी एक गोष्ट. तुमची अडचण लग्न सिद्ध करायची नाहीच आहे, नाव जुळवायची आहे. सरकारने पीपीओवर तुमच्या आईला पत्नी म्हणून स्वतःच नोंदवलंय, 2011 मध्येच. वाद फक्त 'बेगम' आणि 'बी' आणि चार वर्षांचा आहे. साहेबांनी मॅरेज सर्टिफिकेट म्हटलं आणि तुम्ही सगळे पाच महिने लग्नाच्या मागे धावलात. हे फार लोकांचं होतं, क्लार्क तोंडाला येईल त्या कागदाचं नाव घेतो आणि माणूस तोच कागद शोधत फिरतो. त्यामुळे पुढच्या वेळी तोंडी ऐकून परत येऊ नका, अर्ज द्या, पोच घ्या, आणि नक्की कशाची कमतरता आहे ते लेखी द्या म्हणा. लेखी द्यायची वेळ आली की मागण्या आपोआप कमी होतात.

आता जमातचं पत्र. कायद्याने ते सर्टिफिकेट नाही. काझींचा एक जुना कायदा आहे, 1880 चा, त्यात सरकार काझी नेमू शकतं, पण त्याच कायद्यात साफ लिहिलंय की नेमणुकीने काझीला न्यायालयीन किंवा प्रशासकीय अधिकार मिळत नाहीत आणि निकाहला काझी हजर असलाच पाहिजे असंही नाही. जमात तर त्याच्याही पुढची, नोंदणीकृत ट्रस्ट असला तरी सरकारी दाखला देणारं ऑफिस नाही. दुसरे साहेब म्हणाले ते त्या अर्थाने बरोबर. पण चालत नाही म्हणून परत देणं चूक, कारण तो पुरावा आहे. ज्यांनी पत्र दिलं ते तुमच्या आईवडिलांना नवरा बायको म्हणून ओळखतात आणि तसं सांगायला तयार आहेत. म्हणून मी काय करतो, लेटरहेडच्या जोडीला सदर साहेबांचं प्रतिज्ञापत्र करून घेतो. मी अमुक वर्षांपासून ओळखतो, ही मुलं त्यांचीच, दोन्ही नावांच्या बाई एकच आहेत. शिक्क्यापेक्षा शपथेवरच्या माणसाला जास्त वजन.

मुस्लिम लॉमध्ये वर्षानुवर्षं नवरा बायको म्हणून एकत्र राहणं, मुलांना आपली म्हणणं, ह्यावरून लग्नाचं अनुमान काढता येतं, पुराव्याच्या कायद्यातही नातं ओळखणाऱ्यांच्या वागण्याला जागा आहे. आणि नोंदणी नाही म्हणून लग्न खोटं होत नाही. सुप्रीम कोर्टाने 2006 ला सीमा विरुद्ध अश्वनीकुमार मध्ये सगळ्या धर्मांच्या लग्नांची नोंदणी सक्तीची करा म्हटलं, पण तिथेही नोंदणी म्हणजे एकटीच वैध लग्नाचा पुरावा असं म्हटलेलं नाही, पुरावा म्हणून तिला मोठं वजन आहे एवढंच म्हटलं.

तर कागद असे जोडा. आईचं एकच व्यक्ती असल्याचं प्रतिज्ञापत्र, सदर साहेबांचं, शक्य असेल तर निकाहला हजर असलेल्या एखाद्या जिवंत नातेवाइकाचं. जुनं रेशनकार्ड, जुनी मतदार यादी, तुमचा शाळा सोडल्याचा दाखला. वडिलांच्या सेवा पुस्तकाची आणि नामनिर्देशनाची नक्कल मागा, देत नसतील तर वारस म्हणून माहिती अधिकारात अर्ज टाका, 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं. कोर्ट शेवटी. लागलंच तर पत्नी असल्याचं जाहीर करून मागायचा दावा होतो, जिथे फॅमिली कोर्ट आहे तिथे ते, नाहीतर दिवाणी. पण मला नाही वाटत तिथवर जाईल.


शिरपूरवाला_भो:

भो, नावाचं हेच आमच्या घरी पण झालं होतं. आमच्या आजीले पिंजारी बिरादरीत सगळे बी म्हणत, कागदावर बेगम, आणि मतदार यादीत नुसतं नाव. प्रत्येक साहेबाने आपल्या मनाने लिहिलेलं, बाईले कोणी विचारलं नाही तुझं नाव काय. आम्ही प्रतिज्ञापत्र आणि तीस वर्षं जुनं रेशनकार्ड जोडलं आणि झालं काम, फक्त तिसऱ्या चकरेत झालं. धीर सोडू नको. आणि आईले सोबत ने, म्हाताऱ्या माणसाले समोर बघून बोलायची पद्धत बदलते.


अमळनेर_786:

ह्याच धाग्यात विचारते, चालेल ना? माझ्या बहिणीचा खुला (बायकोने मागून घेतलेला तलाक) झाला दोन वर्षांपूर्वी. दोन्ही बाजूंचे लोक बसले, मेहर सोडला, नवऱ्याने सही केली, जमातने खुलानामा दिला. आता तिचं दुसरं स्थळ आलंय, चांगलं माणूस आहे, पण सरकारी योजनेत आणि बँकेत ती अजून पहिल्या नवऱ्याची बायको आहे. कुठेही गेलं की कोर्टाची ऑर्डर आणा. आमच्या जमातचे लोक म्हणतात शरियतने झालंय मग कोर्ट कशाला. तिच्या मनात सारखी भीती की उद्या पहिला नवरा येऊन म्हणेल झालाच नव्हता खुला. कोणाचं ऐकायचं?


धुळे_कोर्टवाला:

@अमळनेर_786 ताई, दोन्ही गोष्टी वेगळ्या आहेत. धर्माच्या दृष्टीने बहिणीचा खुला झाला, दुसरा निकाह पढवणारे काझी साहेब खुलानामा आणि इद्दत पाहून पढवतील. पण जमातचा किंवा दारुल कझाचा (शरियतने निवाडा देणाऱ्या खाजगी मंडळाचा) कागद सरकारवर बंधनकारक नाही. सुप्रीम कोर्टाने 2014 ला विश्वलोचन मदानच्या निकालात हेच सांगितलं, की फतव्याला आणि असल्या निवाड्याला कायद्याची ताकद नाही, ज्याला मानायचं त्याने मानावं. खुलाबद्दल हायकोर्टांचे निकाल सारखे नाहीत. केरळने 2021 मध्ये कोर्टाबाहेरचा खुला मान्य केला, मद्रासने 2023 मध्ये खाजगी संस्थांनी दिलेलं खुलाचं सर्टिफिकेट चालणार नाही, बाईने फॅमिली कोर्टात जावं म्हटलं.

म्हणून सेफ रस्ता सांगतो. फॅमिली कोर्ट कायदा 1984, कलम 7. त्यात एखाद्याचा वैवाहिक दर्जा काय आहे हे कोर्टाकडून जाहीर करून घेता येतं. खुलानामा, दोन साक्षीदार, आणि पहिला नवरा येऊन हो म्हणाला तर फार वेळ लागत नाही. तो आज राजी आहे तोपर्यंत करून घ्या. दुसऱ्या निकाहच्या आधी करा, नंतर नाही. आणि दुसऱ्या निकाहची नोंदणी मात्र 90 दिवसांच्या आत पालिकेत.


यावलची_आपा:

वकील साहेब बरोबर सांगतात आणि मला ह्यात एक सांगायचंच आहे. शरियतने झालंय मग कोर्ट कशाला हे म्हणणारे सगळे पुरुष असतात, आणि कागद घेऊन दारोदार फिरते ती बाई. निकाह लिहून ठेवणं, साक्षीदार ठेवणं, मेहर लिहिणं, हे आपल्याकडे आधीपासून आहे, कागदाचा आग्रह काही बाहेरून आलेला नाही. मग तो कागद सरकारी रजिस्टरात पण जावा ह्यात दीन (धर्म) कुठे कमी होतो? मी माझ्या शाळेतल्या प्रत्येक मुलीच्या आईला सांगते, निकाहच्या दिवशीच नमुना ड भरून ठेवा, काझी साहेब समोर बसलेले असतात, सही तिथेच घ्या, नंतर त्यांच्या मागे फिरावं लागत नाही. ताई, बहिणीला माझा सलाम सांगा, घाबरू नको म्हणा.


अक्कलकुवा_ते_जेद्दा:

माझा उलटा प्रॉब्लेम आहे, मला लग्न झालेलं नाही ह्याचा दाखला पाहिजे. सौदीत नोकरीला आहे, स्थळ तिथल्याच एका भारतीय कुटुंबातलं. जमातने अविवाहित असल्याचं पत्र दिलं ते तिथे कोणी घेतलं नाही.


चोपडा_रिटायर्ड_ग्रामसेवक:

@अक्कलकुवा_ते_जेद्दा ते पत्र परदेशात चालणार नाहीच. अविवाहित असल्याचं प्रतिज्ञापत्र करावं लागतं, त्यावर मंत्रालयाचं अटेस्टेशन आणि मग परराष्ट्र मंत्रालयाचं. सौदी डिसेंबर 2022 पासून अपोस्टिल (परराष्ट्र मंत्रालयाचा परदेशात चालणारा शिक्का) मानतं, त्यामुळे पूर्वी दूतावासात जो वेळ जायचा तो वाचतो. माझ्या पुतण्याचं मागच्या वर्षीच झालं. पण वेगळा धागा काढा भाऊ, इथे सावद्याच्या मुलाचं राहून जाईल.


सावद्याचा_मुलगा:

सगळ्यांना सलाम. बारा दिवसांनी लिहितोय, माफ करा.

आपा, सापडलं. मी आणि काझी साहेबांचा नातू रात्री इशाच्या नमाजनंतर बसलो, 1399 चं रजिस्टर कपड्यात बांधून वेगळंच ठेवलेलं होतं म्हणून त्याने ते आधी उघडलंच नव्हतं. रजबची 6 तारीख. मला उर्दू येतं पण तो जुना हात वाचायला वेळ लागला. अब्बांचं नाव, वय 22, अम्मीचं नाव आणि पुढे 'बी' लिहिलंय, म्हणजे आधारवरचंच नाव बरोबर आणि पीपीओवर ऑफिसानेच बेगम केलं. मेहर 525 रुपये. वकील म्हणून (निकाहात मुलीच्या बाजूने बोलणारा) माझ्या नानांची, म्हणजे अम्मीच्या वडिलांची, सही आहे, मी नानांना कधी पाहिलं नाही, माझ्या जन्माआधी गेले, त्यांची सही पहिल्यांदा पाहिली. दोन गवाहांतले एक अजून हयात आहेत, फैजपूरला मुलाकडे राहतात, ऐंशीच्या वर आहेत, रिक्षा करून स्वतः आले आणि नोटरीसमोर प्रतिज्ञापत्र केलं, पैसे विचारले तर रागावले.

नातवाने नक्कल लिहून दिली, रजिस्टर नंबर आणि पान टाकून. मी अम्मीला वाचून दाखवली. मेहरचा आकडा वाचल्यावर म्हणाली ते तर तुझ्या अब्बांनी पहिल्याच पगारात दिले होते, आणि मग बराच वेळ काही बोलली नाही. एजंटला फोनवर नाही म्हणून सांगितलं.

आता कागद असे झाले, अम्मीचं प्रतिज्ञापत्र, गवाहचं, सदर साहेबांचं, निकाहनाम्याची नक्कल आणि भाषांतर, 1994 चं रेशनकार्ड, माझा शाळेचा दाखला. जॉइंट फोटोसाठी अर्ज दिला, पोच घेतली, तारखेचा शिक्का मारून. वकील साहेब, लेखी द्या म्हटल्यावर त्यांनी कागद ठेवून घेतले, कमतरता काही सांगितली नाही. सोमवारी अम्मीला घेऊन बोलावलंय.

एक विचारायचं राहिलं, पीपीओवरचं नाव आता दुरुस्त करून घ्यावं का आहे तसंच राहू द्यावं?


धुळे_कोर्टवाला:

करून घ्या, आणि सोमवारीच त्याचा वेगळा अर्ज द्या, पेन्शनच्या अर्जात घालू नका नाहीतर एकामुळे दुसरं अडकतं. दोन्ही अर्जांची पोच वेगवेगळी घ्या. बँकेतलं नाव आधार प्रमाणे आहे ना ते आज रात्रीच पासबुक काढून बघा.


सावद्याचा_मुलगा:

बघितलं. पासबुकावर 'बी' च आहे.